नाणी वेचणारे

तंजावरच्या राजवाड्याच्या आवारात सरस्वती महाल ग्रंथालयाचे एक लहानसे संग्रहालय आहे. ताडपत्रे, जुनी पुस्तके, सचित्र पोथ्या पाहत पुढे गेले की काही युरोपीय रेखाचित्रांपाशी पाहणाऱ्यांची पावले हमखास रेंगाळतात. या चित्रांत माणसाचे डोके आणि प्राण्याचे डोके यांची जोडी लावलेली आहे. माणसाच्या नाकाडोळ्यांत कुठला तरी पशू किंवा पक्षी दडलेला दिसावा, अशी रेषांची योजना आहे. फ्रान्सच्या चौदाव्या लुईचा दरबारी चित्रकार शार्ल ल ब्रँ याने सतराव्या शतकात मांडलेल्या मुखसामुद्रिकाची ही चित्रे. १७९८ ते १८३२ या काळात गादीवर असलेल्या दुसऱ्या सरफोजीराजांना पाश्चात्त्य विद्येची विलक्षण ओढ होती. त्यांनी जमवलेल्या हजारो युरोपीय ग्रंथांच्या आणि चित्रांच्या संग्रहामुळे ल ब्रँ कावेरीकाठी येऊन स्थिरावला.

लोक ही चित्रे पाहून हसतात. कोणाला त्यांत आपले मास्तर सापडतात, कोणाला मेहुणा. हे हसू निरागस आहे, पण चित्रांमागचा दावा तेवढा निरागस नाही. चेहऱ्याच्या ठेवणीवरून स्वभाव ओळखता येतो, आणि ज्याचा चेहरा ज्या प्राण्यासारखा त्याचा स्वभावही तसाच, असे हे शास्त्र मानत होते. एकोणिसाव्या शतकात याच वाटेने पुढे जाऊन गुन्हेगारांची कपाळे मोजली गेली, वसाहतींमधल्या लोकांची नाके मोजली गेली, आणि त्या मोजमापांवरून कोण राज्य करायला लायक आणि कोण राबायला, हे ठरवले गेले.

त्याच शतकात या विद्येला एक वेगळा फाटाही फुटला. जिनिव्हाचा शाळामास्तर रोडॉल्फ टॉप्फर याला आज कॉमिक्सच्या जनकांपैकी एक मानतात. १८४५ मध्ये त्याने मुखसामुद्रिकावर एक छोटा निबंध लिहिला. चेहऱ्यावरून माणसाची खरी लायकी कळते, यावर त्याचा विश्वास नव्हता. त्याला एवढेच दिसले की कागदावर दोन ठिपके आणि एक वाकडी रेघ काढली की पाहणाऱ्याला लगेच एक माणूस दिसू लागतो, त्याचा स्वभावही दिसू लागतो, आणि त्याच्या नावाने गोष्ट सांगता येते. खरा माणूस वाचण्यासाठी जी विद्या खोटी होती, ती काल्पनिक माणूस घडवण्यासाठी उपयोगी ठरली. म्हणून ल ब्रँची चित्रे मला कॉमिक्सच्या कुळातले पणजोबा वाटतात. कॉमिक्सचे बळ आणि कॉमिक्सचा धोका, दोन्ही त्यांच्यात एकत्र आहेत. चार रेषांत माणूस उभा करायचा तर त्याचा 'प्रकार' करावा लागतो: लोभी, भित्रा, मूर्ख, परका.

या कुळाची एक भरभराटलेली शाखा बेल्जियमच्या डचभाषक भागात, फ्लँडर्समध्ये आहे. मार्च १९४५ मध्ये, युरोपातले महायुद्ध अजून संपायचे असताना, विली वान्डरस्टेन याची एक चित्रमालिका तिथल्या दैनिकात सुरू झाली. तिचे पुढे 'सुस्के एन विस्के' झाले. सुस्के आणि विस्के ही दोन मुले, विस्केची आत्या सिदोनी, आणि बढाईखोर, टकला, मनाने मोठा लाम्बिक. तिथल्या अनेक घरांत आजी, आई आणि नातू या तिघांनीही याच मालिकेवर वाचन शिकले. वान्डरस्टेन १९९० मध्ये वारला. मालिका त्याच्या स्टुडिओने चालू ठेवली. इंटरनेट आल्यावर तिची सुटी पाने, मुखपृष्ठे आणि एकेकटी चौकट लोकांच्या हाती पडली, आणि त्यांतल्या बोलफुग्यांत हवा तो मजकूर भरणे हा एक खेळ झाला. तौलनिक साहित्याच्या वर्गात आम्ही 'उत्तरायुष्य' हा शब्द वाल्टर बेंयामिनच्या अनुवादावरील निबंधातून शिकलो. मूळ कृती अनुवादांतून जगत राहते, असे तो म्हणतो. त्याच्या डोळ्यांपुढे बोदलेर होता. लाम्बिकच्या तोंडी रोज नवे वाक्य घालणारे हजारो अनोळखी हात त्याच्या कल्पनेत नसणार.

या हातांनी काय करावे आणि काय करू नये, हा प्रश्न एका छापील कॅलेंडरमुळे न्यायालयात गेला. जानेवारी २०११ मध्ये गेन्ट शहरातल्या नववर्षाच्या स्वागतसमारंभात फ्लाम्स बेलांग या अतिउजव्या पक्षाच्या योहान डेकमाइन या सदस्याने एक कॅलेंडर वाटले. त्यावरचे चित्र वान्डरस्टेनच्या १९६१ मधल्या एका पुस्तकाच्या मुखपृष्ठावर बेतलेले होते. मूळ चित्रात लाम्बिक पांढऱ्या झग्यात नाणी उधळतो आहे आणि खाली लोक ती वेचण्यासाठी धडपडत आहेत. कॅलेंडरवरच्या चित्रात लाम्बिकच्या जागी गेन्टचे महापौर आले, आणि नाणी वेचणाऱ्यांच्या जागी बुरखाधारी व गौरेतर माणसे. वान्डरस्टेनचे वारस आणि इतर हक्कधारक न्यायालयात गेले. 'हे विडंबन आहे, आणि विडंबनाला कॉपीराइटमधून सूट आहे,' असा बचाव झाला. प्रकरण युरोपीय संघाच्या न्यायालयापर्यंत पोचले.

३ सप्टेंबर २०१४ चा तो निकाल अनुवादकाने जरूर वाचावा असा आहे. विडंबनाने मूळ कृतीची आठवण करून द्यावी पण तिच्यापासून ठळकपणे वेगळे असावे, आणि त्यात विनोद किंवा उपहास असावा, एवढ्या दोनच गोष्टी न्यायालयाने आवश्यक मानल्या. मूळ स्रोताचा उल्लेख हवाच, असे नाही. हे दुसऱ्या कोणाचे तरी काम आहे असे पाहणाऱ्याला कळायला हवे, अशीही अट नाही. मात्र चित्रातून भेदभावाचा संदेश जात असेल, तर आपली कृती त्या संदेशाशी जोडली जाऊ नये, यात हक्कधारकांचा रास्त हितसंबंध आहे. तोल कुठे साधायचा हे देशातल्या न्यायालयाने पाहावे.

पहिल्यांदा वाचताना मी अडले ती स्रोताच्या मुद्द्यापाशी. माझ्या व्यवसायाची सगळी नीती नावावर उभी आहे. अनुवादक मूळ पुस्तकातला एकही शब्द जागेवर ठेवत नाही. तरीही त्याला कोणी चोर म्हणत नाही, कारण मुखपृष्ठावर दोन नावे असतात: हे कोणी लिहिले आणि हे कोणी बदलले. आपल्याकडे ही रीत छापखान्याहून जुनी आहे. पोथी संपली की लेखनिक अनेकदा स्वतःचे नाव, गाव आणि तिथी लिहितो. समोर जी प्रत होती तिच्यावरून उतरवले, चूकभूल झाली असल्यास क्षमा असावी, अशी विनवणीही करतो. मजकूर कितीही हातांतून गेला तरी शेवटचा हात कोणाचा, हे वाचणाऱ्याला कळते. फोनवरून फिरणाऱ्या चित्राला ही समाप्तीची ओळ नसते. लाम्बिक बोलताना दिसतो, त्याच्या तोंडून बोलणारा दिसत नाही. तेव्हा 'दुसऱ्याच्या तोंडून बोलायचे तर आपले नाव सांगा' हा नियम पुरेसा आहे, असे कोणालाही वाटेल.

पण कॅलेंडरच्या खटल्यात तो नियम थिटा पडतो. कॅलेंडरवर संपादक म्हणून डेकमाइनचे नाव छापलेले होते. कोणीही तोंड लपवले नव्हते. नावाच्या कसोटीवर ते कॅलेंडर उत्तीर्ण आहे, आणि तरी ते चित्र वाईटच आहे. मग वाईट काय आहे?

'मूळ लेखकाच्या हेतूशी केलेला द्रोह' असे उत्तर वारसांच्या बाजूने देता येईल. तेही नीट टिकत नाही, आणि का टिकत नाही ते वान्डरस्टेनच्याच आयुष्यात दिसते. जर्मन व्याप्तीच्या काळात 'काप्रून' या टोपणनावाने काही ज्यूविरोधी व्यंगचित्रे छापली गेली होती. ती काढणारा वान्डरस्टेनच होता, हे त्याच्या कुटुंबीयांनी २०१० मध्ये मान्य केले. म्हणजे कॅलेंडर वाटले जाण्याच्या जेमतेम काही महिने आधी. ज्याच्या रेषेला भेदभावाचा विटाळ होऊ नये म्हणून वारस न्यायालयात गेले, त्याच हाताने एकेकाळी तशीच रेषा ओढली होती. लेखकाचे निर्मळ मन हा पाया धरला तर त्यावर फार काही उभे राहत नाही. त्यामुळे वारसांचे म्हणणे खोटे ठरत नाही. तक्रारीचा खरा धनी दुसराच कोणीतरी आहे, एवढेच त्यातून दिसते. कायद्यापाशी हक्कधारकांसाठी एक दार होते, म्हणून तक्रार त्या दाराने आत गेली.

तो धनी चित्राच्या खालच्या भागात आहे. वरच्या भागात महापौराला नाणी उधळणारा लाम्बिक केले आहे. यात गैर काही नाही. तो सत्तेवरचा, नाव असलेला माणूस आहे. त्याच्या धोरणाची टिंगल करणे हा व्यंगचित्राचा धर्मच आहे, आणि उद्या तो उत्तरही देऊ शकतो. खालच्या भागात मात्र मूळ चित्र पार उलटले आहे. १९६१ च्या चित्रात नाणी वेचायला वाकलेले लोक म्हणजे कोणीही आहेत, रस्त्यावरची गर्दी आहे. फुकटचा पैसा पडला की माणूस कसा वाकतो, हा विनोद सगळ्यांवर आहे, पाहणाराही त्यातून सुटत नाही. बदललेल्या चित्रात वाकणारे 'ते' आहेत, आणि पाहणारा सरळ उभा राहून त्यांच्याकडे बघतो आहे. चित्रातून 'कोणीही' काढून घेतला गेला. ही त्या चित्रातली खरी चोरी आहे, असे मला वाटते. ती वान्डरस्टेनच्या घरातून झालेली नाही. गेन्टमध्ये राहणाऱ्या, नववर्षाच्या त्याच समारंभाला कदाचित आलेल्या, डोक्यावर रुमाल बांधणाऱ्या एखाद्या बाईला 'कोणीही' असण्याचा जो अधिकार होता, तो तिच्याकडून काढून घेतला गेला. ल ब्रँने एकेका चेहऱ्याच्या बाबतीत जे केले, तेच इथे गर्दीच्या बाबतीत झाले.

तंजावरच्या राजवाड्याशीच निगडित असलेला एक जुना दाखला इथे उपयोगी पडतो. सरफोजीराजांनी १८०५ च्या सुमारास देवनागरी छापखाना उभा केला, आणि १८०६ मध्ये इथे 'बालबोधमुक्तावली' हे मराठी पुस्तक छापले गेले. ते इसापच्या गोष्टींचे भाषांतर होते. इसापाच्या कोल्ह्याने किती भाषा बोलल्या, किती पंतोजींनी त्याच्या तोंडी आपापले तात्पर्य घातले, याची गणती नाही, आणि कोणाचे काही बिघडले नाही. कारण तिथे प्राण्याला माणसाचे बोलणे दिलेले असते. ऐकणारा प्रत्येक जण त्या कोल्ह्यात स्वतःला शोधू शकतो. ल ब्रँच्या तक्त्यात उलटा प्रवास आहे. माणसाला प्राण्याचा चेहरा चिकटवला की तो कायमचा तोच होतो. एकाच आवारातल्या या दोन वस्तूंमध्ये उत्तरायुष्याच्या दोन वाटा दिसतात. जुन्या आकृतीत अधिक माणसांना शिरता येईल असे काही करायचे, की तिच्यात काही माणसांना कोंडायचे?

मराठी वाचकाला याचे घरचे उदाहरण हवे असेल तर ते इंद्रजाल कॉमिक्सचे आहे. टाइम्स ऑफ इंडिया समूहाने १९६४ पासून १९९० पर्यंत चालवलेले हे अंक इंग्रजीबरोबर मराठीतही येत, आणि आमच्या पिढीने रद्दीच्या दुकानांतून, मोठ्या भावंडांच्या ट्रंकांतून ते वाचले. फँटमचा देश म्हणून आम्हांला 'डेंकाली' ठाऊक होता, आणि त्याचे हाडवैरी म्हणजे 'सिंगा' चाचे. ली फॉकने १९३६ मध्ये सुरू केलेल्या मूळ अमेरिकन मालिकेत त्या प्रदेशाचे नाव बंगालची आठवण करून देणारे होते आणि चाचे चक्क 'सिंग' होते. भारतीय संपादकांनी एका अक्षराच्या फरकाने त्यांना 'सिंगा' केले. त्या एका अक्षराने शेजारच्या सरदारजींचे आडनाव चाच्यांच्या टोळीतून सुटले. कॅलेंडरवाल्याने 'कोणीही'चे 'ते' केले. या संपादकांनी 'त्यां'चे 'कोणीच नाही' केले.

पण त्यांनी वाचकाला ते सांगितले नाही. परदेशी कथेने आपल्याला कसे रंगवले होते, हे आमच्यापासून झाकले गेले. ते उघड झाले इंटरनेटमुळे. जुने अंक जपून ठेवलेल्या वाचकांनी ते पानापानाने स्कॅन केले, मूळ अमेरिकन पट्ट्याही कोणीतरी ठेवल्या होत्या, आणि दोन्ही शेजारी ठेवून पाहता आले. कॉपीराइटच्या हिशेबाने यातले बरेचसे काम बेकायदेशीरच म्हणावे लागेल. तरीही हे स्कॅन करणारे मला त्या पोथीच्या लेखनिकांचे वंशज वाटतात. ते प्रत जशी आहे तशी उतरवतात, फाटलेल्या पानासकट, कोपऱ्यात कोण्या मुलाने लिहिलेल्या नावासकट. बदल करणारा आणि मूळ जपणारा, दोघांचीही गरज आहे. पहिला आजच्या वाचकाची काळजी घेतो. पहिल्याने काय केले ते उद्याच्या वाचकाला कळावे, हे दुसरा पाहतो.

यावर एक आक्षेप येईल आणि तो हलका नाही. खालच्या बाजूला कोण आहे ते पाहा, असे म्हणू लागलो तर आपल्या देशात हा नियम 'भावना दुखावल्या' या आरोळीच्या हाती जाईल. २०१२ मध्ये ते झालेच. शंकर यांनी १९४९ मध्ये काढलेले, संविधान तयार होण्याच्या संथ गतीवरचे एक व्यंगचित्र अकरावीच्या राज्यशास्त्राच्या पुस्तकात होते. गोगलगायीवर डॉ. आंबेडकर, मागे चाबूक उगारलेले नेहरू. संसदेत गदारोळ झाला, योगेंद्र यादव आणि सुहास पळशीकर यांनी सल्लागारपद सोडले, आणि पळशीकरांच्या पुणे विद्यापीठातल्या कार्यालयाची मोडतोड झाली. मोडतोडीचे समर्थन कोणत्याही नियमाने होत नाही. पण त्या चित्राने माझी वरची-खालची विभागणीही अवघड केली, हे खरे. १९४९ च्या वाचकाला त्यात एका समितीचा अध्यक्ष दिसला असेल. साठ वर्षांनी एखाद्या दलित विद्यार्थ्याला त्याच रेषांत पाठीमागे उगारलेला चाबूक दिसला, तर तो चुकीचे पाहतो आहे असे कोणत्या तोंडाने म्हणायचे? रेष तीच राहिली, तरी पाहणारा बदलला की एकच आकृती एकाच वेळी सत्तेवरचा माणूसही होते आणि एका समाजाची खूणही. उत्तरायुष्य म्हणतात ते हेच. अशा वेळी चित्र पुसण्याने काही साधत नाही. पुस्तकात त्याच्याशेजारी दुसरे पाहणे छापता आले असते, त्या विद्यार्थ्याचे.

म्हणून मी ज्या कसोटीबद्दल बोलते आहे ती पोलिसासाठी नाही, आणि जमावासाठी तर नाहीच. ती काढणाऱ्यासाठी, बदलणाऱ्यासाठी आणि पुढे पाठवणाऱ्यासाठी आहे. जे न्यायालय मागत नाही ते माणसाने स्वतःकडून मागायला हरकत नसते.

आणि ती कसोटी चित्रांपुरती नाही. 'सुस्के एन विस्के'ची सुरुवातीची पुस्तके फ्लँडर्सच्या घरगुती बोलीत होती. शेजारच्या नेदरलँड्समध्ये ती खपावीत म्हणून १९६० च्या दशकात पात्रांच्या तोंडी प्रमाण डच आली, आणि सिदोनी आत्याची 'सिदोनिया' झाली. हे बदल कोणा परक्याने केले नव्हते, मालिकेच्या घरातच झाले. बोली बोलणारा वाचक तेव्हापासून स्वतःच्याच कॉमिक्समध्ये थोडा पाहुणा झाला. आज तिथले लोक जुन्या आवृत्त्या शोधून वाचतात त्यात केवळ गतकाळाचा मोह नसावा. आपण जसे बोलतो तसे बोलणारा लाम्बिक त्यांना हवा असतो.

तंजावरच्या मराठीचे दुखणे याच्या उलट आहे. साडेतीनशे वर्षे तमिळ मुलखात राहिलेल्या या मराठीला तिचा स्वतःचा हेल आहे, तिची स्वतःची जुनी रूपे आहेत. शहाजीराजांनी सतराव्या-अठराव्या शतकाच्या उंबरठ्यावर रचलेल्या 'पंचभाषाविलास' नाटकात संस्कृत, तेलुगू, तमिळ, हिंदी आणि मराठी एकाच रंगमंचावर येतात, आणि त्यांतली कुठलीही भाषा दुसरीची चेष्टा होण्यासाठी आलेली नाही. आज या मराठीतली अर्ध्या मिनिटाची चित्रफीत पुण्या-मुंबईच्या गटांत फिरते ती बहुधा हसण्याच्या चिन्हांसह, 'किती गोड' अशा शेऱ्यासह. बोलणारी आजी कोण, ती काय सांगत होती, तिच्या घरात कोण वारले की कोणाचे लग्न ठरले, हे कोणी विचारत नाही. तिचा 'प्रकार' झालेला असतो. गोड म्हणून केला तरी तो प्रकारच.

हसू नये असे मी म्हणत नाही. न हसता कॉमिक्स वाचणाऱ्या माणसावर माझा विश्वास बसणार नाही. मात्र हसण्याच्या आधी किंवा नंतर, पुढे पाठवण्याचे बटण दाबण्यापूर्वी, तीन साध्या गोष्टी पाहता येतात. यात कोणाचा हात आहे ते लिहिलेले आहे का. मूळ काय होते ते कुठे पाहायला मिळेल का. आणि नाणी वेचायला जे वाकलेले दाखवले आहेत, त्यांच्यात माझ्यासाठी जागा ठेवली आहे का.